तुम्ही पोहोचला आहात

लामजन्यापासून बाई बोलत होती कानात.
आठशे मीटरवर डावीकडे वळा.
वळलो.
ती सांगते आणि मी वळतो,
चार वर्षं झाली या धंद्याला.
औशात माझ्या सख्ख्या बहिणीचं घर आहे,
तिथंही मी हिला विचारूनच जातो.

डांबर संपलं, मुरूम संपला,
मग नुसती चाकोरी, मधोमध गवत वाढलेलं.
वेड्या बाभळी दोन्हीकडून
बाह्या ओढू लागल्या.
तरी ती सरळ म्हणाली, म्हणून मी सरळ.
समोर पाटी नव्हती, पाण्याची टाकी नव्हती,
अंगावर येणारं एक कुत्रं नव्हतं.
आणि ती म्हणाली,
तुम्ही पोहोचला आहात.

कुठं?
दगडांचे ढीग. एक जोतं, त्यावर एरंड.
चार पायऱ्या वर चढत गेलेल्या
आणि वरती काहीच नाही.

खोक्यावर लिहिलेलं: महानंदा बिराजदार,
शिलाई मशीनची मोटर, एक नग,
रोख एक हजार आठशे चाळीस.
फोन लावला तर रेंजची एकच कांडी,
तीपण लटलट करणारी.

शेळ्यांमागून म्हातारा आला.
दस्तगीर चाचा, नाव नंतर कळलं.
"कुरिअर का?" त्यानं विचारलं,
जसं कोणी विचारतं, पाणी पिता का.
"हे जुनं गाव हाय बाबा. नवं तिकडं, तीन किलोमीटरवर.
त्र्याण्णव सालीच उठून गेलं सगळं.
तुमच्या मोबाईलला कुणी सांगितलं न्हाई का अजून?"

मला काय माहीत.
मी तर तेव्हा जन्मलोही नव्हतो.

"परवा मुलगी बघायला आलेले पाव्हणे,
टोप्या नीट करत इथंच उतरले जीपमधून.
काल बचत गटाच्या हप्त्याचा माणूस आलता,
त्याला मात्र म्या उलट्या रस्त्याला लावून दिलं."
हसला. मग म्हणाला, "कुणाकडं जायचंय?"
नाव सांगितलं.
तो माझ्या गाडीच्या चाकाकडं बघत राहिला.

"काढ जरा गाडी बाजूला.
स्टँड लावलास ना, तिथं चूल होती त्यांची.
तिची माय, दोन भाऊ.
गणपती बुडवून दमून झोपलेली पोरं.
ही मामाच्या गावाला होती म्हणून."
म्हणूनच्या पुढं तो काही बोलला नाही.
एक शेळी पायरीवर चढली होती, तिला हाकललं.

मी गाडी काढली.
ढकलतच, सुरू न करता, बरंच अंतर.

नवं गाव म्हणजे गणिताच्या वहीतले चौकोन.
सगळी घरं एका साच्यातली, सगळे रस्ते काटकोनात.
चाचानं सांगितलेलं, टाकीपासून तिसरी ओळ,
निळ्या ड्रमात कढीपत्ता लावलाय ते घर.
आयुष्यात पहिल्यांदा
कढीपत्ता शोधत गाडी चालवली.
सापडला.

तिनं पैसे मोजले, वरचे चाळीस
बटणांच्या डब्यातून काढले.
मी म्हणालो, ताई, तुमचं लोकेशन जुन्या गावात पडतंय,
द्या मोबाईल, दोन मिनिटांत नीट करतो.
मोटर उलटीसुलटी करून बघत ती म्हणाली,
पोरगा पण तेच म्हणतो.
राहू द्या.
तेवढंच कुणीतरी जाऊन येतं तिकडं.

पुढचं पार्सल मातोळ्याचं.
फोन काढला. खिशात ठेवला. परत काढला.
मातोळा कुठल्या अंगाला,
हे ताईला विचारायची लाज वाटली.
आग्नेयेकडे जा, बाई म्हणाली.
मी उन्हाकडं बघितलं,
सूर्य सकाळी कुठून वर आला असेल
त्याचा अंदाज घेतला,
आणि नेमका चुकीच्या बाजूला निघालो.

यू-टर्न घ्या, ती म्हणाली,
न रागावता.